ट्रंकेतली पत्रं

ती. आई-बाबांस,
सा. न. वि. वि.

परवा फोनवर आई सहज बोलून गेली, की घर रिकामं करायचं म्हणून माळ्यावरची ट्रंक खाली काढली आहे आणि त्यातली जुनी पत्रं रविवारी रद्दीवाल्याला द्यायची आहेत. तेव्हा मी नुसतं "बरं" म्हटलं. फोन ठेवला आणि जीव राहीना. ती पत्रं देऊ नका, एवढं सांगायलाच हे लिहिते आहे.

गेले काही महिने मी आन व्याझेम्स्कीची पुस्तकं वाचते आहे. फ्रान्समध्ये तिला आधी नटी म्हणून ओळखायचे, मग लेखिका म्हणून. वडील रशियातून परागंदा झालेल्या सरदार घराण्यातले. आईचे वडील फ्राँस्वा मोरियाक, 1952 सालचे नोबेल मिळालेले कादंबरीकार, कट्टर कॅथलिक. आन पंधरा वर्षांची असताना, 1962 साली वडील गेले आणि आजोबा घरातले कर्ते झाले. अठराव्या वर्षी तिला रोबेर ब्रेसाँ या दिग्दर्शकानं 'ओ आजार बाल्ताझार' या चित्रपटासाठी निवडलं. एका गाढवाच्या जन्मापासून मरणापर्यंतची ती कथा आहे. कायद्यानं ती अजून अज्ञान, कारण तेव्हा तिकडे 21 वर्षांनी सज्ञान धरत. आजोबांनी होकार दिला. बाबा, तुम्ही माझ्या हॉस्टेलच्या फॉर्मवर सही करताना पेन किती वेळ नुसतं हातात धरून बसला होतात, ते मला इथे आठवलं.

ब्रेसाँना सराईत नट नको असत. वाक्य सपाट म्हणायचं, चेहऱ्यावर काही आणायचं नाही, असा त्यांचा आग्रह. रात्रीच्या अंधारात ती गाढवाच्या डोक्यावर फुलं माळते, तो प्रसंग मी तीनदा पाहिला. ती काहीच 'करत' नाही, आणि तरी पोटात कालवतं.

पुढे 1966 मध्ये गोदार या दिग्दर्शकाचा एक चित्रपट पाहून तिनं त्याला पत्र लिहिलं: चित्रपट आवडला आणि तो करणारा माणूसही आवडतो. पत्ता माहीत नाही, म्हणून एका सिनेमाच्या मासिकाच्या पत्त्यावर टाकलं. पुढच्या वर्षी दोघांचं लग्न झालं. त्याच्या 'ला शिनवाझ'मध्ये ती नायिका. त्यातल्या आगगाडीच्या प्रसंगात समोर बसलाय तो तिला खरोखर तत्त्वज्ञान शिकवणारा माणूस, आणि तिच्या कानात यंत्र बसवून गोदार स्वतः तिची वाक्यं पुरवत होता. मग पाझोलिनी या इटालियन दिग्दर्शकाचे दोन चित्रपट, आणखीही काही कामं. ते लग्न फार टिकलं नाही. मला ओढ आहे ती त्यानंतरच्या आनची.

इतकी वर्षं दुसऱ्यांची वाक्यं म्हटलेल्या या बाईनं 1988 साली, चाळिशी गाठल्यावर, पहिला कथासंग्रह काढला. दहा वर्षांनी एका कादंबरीला फ्रेंच अकादमीचा मोठा पुरस्कार मिळाला. ब्रेसाँबरोबरच्या त्या उन्हाळ्यावर तिनं लिहिलं ते थेट 2007 मध्ये. त्यांचा जाच, मालकी हक्क गाजवणं, सगळं सांगितलं, पण सूड म्हणून नाही. मला तिच्या भूमिकांपेक्षा ही पुस्तकं मोठी वाटतात. ऑक्टोबर 2017 मध्ये ती गेली.

आणि आता ज्यासाठी एवढं सांगितलं ते. तिच्या 2009 च्या पुस्तकाच्या नावाचा अर्थ आहे 'माझं बर्लिनचं बाळ'. तिची आई युद्धाच्या दिवसांत रेड क्रॉसची अॅम्ब्युलन्स चालवायची. उद्ध्वस्त बर्लिनमध्ये तिची आणि आनच्या वडलांची गाठ पडली आणि 1947 च्या मे महिन्यात तिथेच आन जन्मली. आनला हे सगळं कशावरून लिहिता आलं? आईची त्या काळातली पत्रं आणि डायरी जपून राहिली होती म्हणून. आपण जन्मण्याआधीची आपली आई तिला त्या कागदांत भेटली.

आई, तू म्हणशील, आमच्या पत्रांत काय आहे, नुसती ख्यालीखुशाली. लहानपणी मी त्यातलं एक चोरून वाचलं होतं. निळं अंतर्देशीय, जागा संपली म्हणून शेवटची ओळ डिंकाच्या पट्टीशेजारी उभी लिहिलेली: "इथे पाऊस लागला, छत्री विसरून गेलात." बाबा तेव्हा चंद्रपूरला आणि तू सासरी, साताऱ्यात. ती छत्री विसरली म्हणून काळजी करणारी, विशीतली मुलगी मी पाहिलेलीच नाही गं. मला ती हवी आहे.

बाबा, गठ्ठ्याला बांधलेली सुतळी सोडू नका, कागद घडीवर फाटतात. जुन्या कॉटनच्या साडीत गुंडाळून ठेवा. प्लॅस्टिकच्या पिशवीत नको, दमट होतात. मी पुढच्या शनिवारी सकाळच्या गाडीनं येते आणि स्वतः घेऊन जाते. तुमची परवानगी असेल तरच उघडेन.

तुमची,
धाकटी