गेटिसबर्ग पानभर, आणि विक्सबर्गला एक ओळ?

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत अमेरिकेच्या यादवी युद्धावर (उत्तरेची राज्यं विरुद्ध दक्षिणेची) पानभर लेख आला, फोटोसकट, आणि आमच्यासारख्या वाचकाला असलं काही मराठीत वाचायला मिळतं याचा आनंदच आहे, त्यामुळं आधी आभार आणि मग भांडण. लेखात गेटिसबर्गची लढाई झाली आणि दक्षिणेचं कंबरडं मोडलं, युद्धाचा निकाल तिथंच लागला असं ठासून लिहिलंय. ठीक आहे, सगळेच लिहितात. पण त्याच आठवड्यात तिकडं मिसिसिपी नदीवर विक्सबर्ग पडलं त्याला तुमच्या लेखकानं शेवटच्या कॉलममधी एक ओळ दिली, ती पण "दरम्यान" म्हणून! मी मानवतला जिनिंगच्या धंद्यात आहे, कापसाच्या गाठीत आयुष्य चाललंय, आणि कापूसवाल्या माणसाला हे दरम्यान काही पटलं नाही म्हणून हे पत्र लिहायलोय. लांबलं तर कात्री लावा पण मुद्दा कापू नका.

गेटिसबर्ग लहान होतं असं मी म्हणत नाही. 1 ते 3 जुलै 1863, तीन दिवस, दोन्हीकडचे मेलेले, जखमी, बेपत्ता धरून 50 हजारांच्या आसपास माणूस गेला, शेवटच्या दिवशी दुपारी बारा-साडेबारा हजार लोक उघड्या शेतातून तोफांच्या तोंडी चालत गेले आणि निम्मे परत आले नाहीत. सिनेमासारखी लढाई आहे, लेखाला फोटोही मिळतात. पण लढाई संपल्यावर दक्षिणेचा जनरल ली आपली फौज घेऊन नदी ओलांडून माघारी गेला, आणि त्यानंतर युद्ध पावणेदोन वर्षं चाललं, लीनं हत्यार टाकलं ते 9 एप्रिल 1865 ला. म्हणजे निकाल "तिथंच" कसा काय लागला? विक्सबर्गला मात्र 4 जुलैला अख्खी फौजच्या फौज शरण आली, 29 हजारांच्या वर सैनिक आणि पावणेदोनशेच्या जवळपास तोफा. एक फौज हरून घरी जाणं वेगळं आणि एक फौज नकाशावरून पुसली जाणं वेगळं.

आता हे विक्सबर्ग काय होतं ते सांगतो. मिसिसिपी नदी तिथं केसाच्या पिनेसारखं वळण घेत होती आणि वळणाच्या बाहेरच्या अंगाला उंच टेकड्यांवर हे गाव, वर तोफा. खालून जाणारं जहाज वळायला हळू झालं की वरून मारा. नदीच्या पलीकडं टेक्सास, आर्कान्सा, लुइझियानाचा पश्चिम भाग, तिथून गुरं, घोडे, मीठ, साखर, माणसं दक्षिणेच्या फौजेला यायची, आणि ती सगळी रसद या गावाच्या आणि खाली पोर्ट हडसनच्या ठाण्याच्या जिवावर नदी पार करायची. युद्ध सुरू झालं तेव्हाच उत्तरेच्या म्हाताऱ्या सरसेनापती विनफिल्ड स्कॉटनं सांगितलं होतं की समुद्राकडून बंदरं आवळा आणि मधून ही नदी ताब्यात घ्या, अजगरासारखं गुंडाळा. तेव्हा पेपरवाल्यांनी त्याची टर उडवली (तुमची जमात तेव्हापण तशीच होती, रागावू नका).

उत्तरेच्या जनरल ग्रँटला हे गाव सहजासहजी मिळालं नाही. 1862 च्या डिसेंबरात त्याचा जनरल शर्मन वरच्या बाजूनं चिकसॉ बायूच्या दलदलीतून गेला आणि मार खाऊन परत आला. मग नदीच्या वळणाला बगल देऊन कालवा खणायचा प्रयत्न झाला, तो 1862 च्या उन्हाळ्यातच सुरू झाला होता आणि त्या पहिल्या खणण्यात मळ्यांवरून आणलेले हजारावर काळे गुलाम होते, ऊन आणि तापानं माणसं पटापट मेली आणि कालवा काही झाला नाही. गंमत म्हणजे 1876 मधी नदीनंच आपलं आपण वळण तोडलं आणि विक्सबर्ग बाजूला पडलं, ग्रँटच्या फौजेला जे जमलं नाही ते नदीनं एका झटक्यात केलं. नदीचं असंच असतं, गोदाकाठच्या माणसाला वेगळं सांगायला नको.

शेवटी ग्रँटनं वेगळाच डाव टाकला. फौज पलीकडच्या काठानं चालवत खाली नेली, आणि 16 एप्रिल 1863 च्या रात्री उत्तरेच्या आरमाराच्या अॅडमिरल पोर्टरनं आपली जहाजं तोफांच्या समोरून दामटली. या जहाजांच्या बॉयलरला आणि बाजूंना संरक्षण म्हणून काय लावलं होतं माहितीये का, कापसाच्या गाठी! गोळी गाठीत रुतते हे खरंय, दाबलेली गाठ म्हणजे भिंतच. पण हेन्री क्ले नावाच्या बोटीवर गोळा पडला, गाठींनी पेट घेतला, बोट गेली आणि जळत्या गाठी नदीवर तरंगत खाली गेल्या असं वर्णन आहे. आमच्या धंद्यातल्या कुणालाही हे वाचून काटा येईल. गाठीची आग वरून विझते, आत धुमसत राहते. पाण्याचा फवारा वरच्या रुईला भिजवतो आणि आत जातच नाही, पट्ट्या तोडून गाठ फोडावी लागते, पसरावी लागते, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी ढिगातून परत धूर निघतो. वास तर आठवडाभर जात नाही. तो वास त्या रात्री नदीवर किती कोसांवर गेला असेल कोण जाणे. एवढं होऊन बाकीची बहुतेक जहाजं पार झाली.

30 एप्रिलला फौज ब्रुइन्सबर्गला नदी उतरून अलीकडं आली आणि मग ग्रँटनं थांबायचं नाव घेतलं नाही. पोर्ट गिब्सन, रेमंड, 14 मेला जॅक्सन ही मिसिसिपी राज्याची राजधानी, मग पश्चिमेला वळून 16 मेला चँपियन हिल. माझ्या मते ज्याला खरी निकालाची लढाई म्हणायची ती ही, तुमच्या लेखात हिचं नावपण नाही. चँपियन हिलला दक्षिणेचा जनरल पेंबरटन हरला आणि उरलेली फौज घेऊन विक्सबर्गच्या खंदकात जाऊन बसला. बिचाऱ्याची पंचाईत बघा, त्याचा राष्ट्राध्यक्ष डेव्हिस सांगतोय काही झालं तरी गाव सोडू नको, आणि वरचा जनरल जॉन्स्टन सांगतोय गाव सोड, फौज वाचव, मला येऊन मिळ. दोन साहेब, दोन ऑर्डरी, आणि खालचा माणूस मधी. त्यात हा पेंबरटन जन्मानं उत्तरेतला, पेनसिल्वेनियाचा, म्हणून त्याच्याच लोकांना त्याच्यावर शंका. ग्रँटकडं मात्र गाड्याची सोय नव्हती तर त्यानं आजूबाजूच्या मळ्यांवरच्या भारीतल्या बग्ग्या ओढून आणल्या आणि त्यात काडतुसांच्या पेट्या भरल्या, पुढं खेचरं नांगराच्या जुंपणीनं जुंपलेली. खाणंपिणं बरंचसं वाटेतल्या मळ्यांवरूनच उचललं.

19 आणि 22 मेला ग्रँटनं सरळ हल्ला केला, दोन्ही फसले. मग वेढा. लोकांनी पिवळ्या मातीच्या टेकड्या पोखरून गुहा केल्या आणि बायकापोरं त्यात राहायला गेली, वरून रात्रंदिवस तोफगोळे. पीठ संपल्यावर चवळीच्या पिठाची भाकरी निघाली, ती बाहेरून दगड आणि आतून कच्ची, मग खेचराचं मटण. जूनच्या शेवटी सैनिकांनीच पेंबरटनला एक निनावी पत्र लिहिलं, खाली सही "अनेक सैनिक", म्हणणं एवढंच की आम्हाला पोसता येत नसेल तर शरण जा.

मराठवाड्याच्या माणसाला हे नवीन आहे का? देवगिरी कशी पडली ते इथं शाळेतलं पोरगंपण सांगतं. 1296 ला अल्लाउद्दीन अचानक येऊन धडकला, मोठी फौज राजपुत्राबरोबर बाहेर, रामदेवराव किल्ल्यात, आणि धान्याची म्हणून वर नेलेली पोती फोडली तर आत मीठ! एवढा बेलाग किल्ला आणि खायला मीठ. म्हणून म्हणतो, शौर्याच्या लढाया जरूर छापा पण पोत्यात काय होतं तेपण बघत जा.

तुम्ही पेपरवाले म्हणून एक गोष्ट मुद्दाम सांगतो. वेढ्यात विक्सबर्गचा "डेली सिटिझन" नावाचा पेपर निघतच होता. कागद संपला तर संपादकानं भिंतीला लावायच्या वॉलपेपरच्या कोऱ्या बाजूवर छापायला सुरुवात केली. 2 जुलैच्या अंकात त्यानं ग्रँटची टिंगल केली, की म्हणे साहेबांना 4 जुलैला आमच्या गावात जेवायचंय, आधी ससा पकडा आणि मग शिजवायच्या गोष्टी करा. 4 जुलैला गाव पडलं, उत्तरेचे सैनिक छापखान्यात शिरले, छपाईचे खिळे तसेच जुळवलेले होते, त्यांनी खाली चार ओळी वाढवल्या की दोन दिवसात बराच फरक पडला, ग्रँटनं ससा पकडलाय, इथून पुढं खेचराच्या मटणाची तारीफ या पेपरात येणार नाही, आणि अंक छापून टाकला. असली भन्नाट गोष्ट पुरवणीच्या हातातून सुटली याचंच मला जास्त वाईट वाटतंय.

आता आमचा कापूस. युद्ध लागलं तेव्हा दक्षिणेला वाटलं की आपला कापूस अडवला की इंग्लंड झक मारत आपल्या बाजूनं येईल. इंग्लंड आलं नाही, तिकडच्या लँकेशायरच्या कापड गिरण्या बंद पडल्या, मजूर उपाशी, आणि व्यापारी धावले मुंबईला. भाव तिप्पट-चौपट. भोर घाटातून रेल्वे सुरू झाली ती पण एप्रिल 1863 मधीच, म्हणजे पोर्टर तोफांसमोरून गेला त्याच महिन्यात, काय टायमिंग आहे. आपल्या भागात तेव्हा निजामाचं राज्य, जालना-परभणीकडं रेल्वे आली ती 1900 च्या सुमारास. आमच्या धागा आखूड असलेल्या, कचरा जास्त असलेल्या मालाला लँकेशायरचे मजूर शिव्या घालायचे म्हणतात, पण घेत होते. विक्सबर्ग पडल्या पडल्या भाव पडले असं मात्र नाही हं, 1864 मधी चढेच होते, कारण दक्षिणेचा बराच माल जळाला होता, अडकला होता. पडले ते 1865 ला ली शरण आल्यावर, आणि असे पडले की मुंबईत शेअरवाले बुडाले, बँक ऑफ बॉम्बे बुडाली, प्रेमचंद रायचंदसारखा कापसाचा राजा दिवाळखोर झाला. त्याच्या पैशातून झालेला राजाबाई टॉवर तेवढा उभा आहे. मुंबईवाल्यांचं लोक लिहितात, पण तेजी बघून सावकारानं हात सैल सोडून ज्यांना कर्ज दिलं त्या शेतकऱ्याचं काय झालं ते 1875 ला सुपे गावात दिसलं, पुणे-नगरकडं सावकाराच्या वह्या पेटल्या. सारावाढ वगैरे इतर कारणंपण होती, पण कापूस त्यात होताच. आजही आमच्या मोंढ्यात व्यापारी सकाळी भाव काढायच्या आधी मोबाईलवर न्यूयॉर्कचा वायदा बघतो, म्हणून म्हटलं की अमेरिकेचं युद्ध आपल्याला लांबचं नाही.

आणि एक गोष्ट, जी तुमच्या लेखात फारच पुसट आली. तिथला तो कापूस वेचत कोण होतं? 1860 च्या खानेसुमारीत जवळपास 40 लाख गुलाम, आणि मिसिसिपी राज्यात तर निम्म्याहून जास्त माणसं गुलाम. वेढा चालू असताना 7 जूनला नदीपलीकडं मिलिकन्स बेंडला उत्तरेच्या फौजेत नव्यानं भरती झालेले काळे सैनिक, ज्यातले बरेच काल-परवापर्यंत मळ्यांवर गुलाम होते, ते हातघाईनं लढले. ही ओळ लेखात नसणं मला पटलं नाही. महात्मा फुल्यांनी 1873 ला "गुलामगिरी" अर्पण केली ती गुलामांना मोकळं करणाऱ्या अमेरिकेतल्या लोकांना, म्हणजे आपल्याकडं तेव्हाच कुणाला तरी कळलं होतं की हे युद्ध कशाचं आहे. आपण दीडशे वर्षांनी फक्त तोफा मोजायलोत.

पुढच्या 4 जुलैला विक्सबर्गवर स्वतंत्र लेख टाका एवढी विनंती, नकाशासकट, आणि नकाशात नदीचं वळण 1863 चं दाखवा, आजचं नको, नाहीतर वाचकाला काहीच उमगणार नाही. आणि वॉलपेपरवरच्या त्या अंकाचा फोटो टाकणार असाल तर जपून, त्याच्या नकला नंतर भरपूर छापल्या गेल्यात आणि लोक त्या ओरिजिनल म्हणून विकतात.

आपला नियमित वाचक,
मानवत, जि. परभणी