किब्बरला जातेय

ती. बाबा आणि आई,

फोनवर सांगितलं असतं तर आई रडली असती आणि मग मी पण, म्हणून लिहितेय. हिमाचलमधल्या स्पितीत हिमबिबट्यावर फिल्म करायचीय, तिला मी हो म्हटलंय. सहीसुद्धा झाली. आधी तुम्हाला सांगायला हवं होतं, कळतंय मला.

जानेवारीत निघायचं ते मार्च संपेपर्यंत किब्बर गावात. आणि बाबा, तुमच्या दुसऱ्या डोळ्याचं ऑपरेशन नेमकं त्यातच येतंय. मी तारखा पुढे ढकलून बघितल्या हो, पण हिमबिबट्या थंडीतच खाली उतरतो, भरलांच्या, म्हणजे तिथल्या रानमेंढ्यांच्या, कळपामागं, बिबट्यांचा जोडीचा काळही तेव्हाच, हे तीन महिने गेले की वर्ष गेलं. बारा वर्षं लग्नं शूट केली, दुसऱ्यांच्या लेन्सच्या पेट्या उचलल्या, आता पहिल्यांदा मेन कॅमेरा माझ्या हातात येतोय. कोल्हापुरात खरी कॉर्नरच्या त्या कॅमेऱ्याच्या स्मारकापाशी तुम्ही दरवेळी सायकल थांबवायचात आणि बाबूराव पेंटरांनी 1918 साली स्वतःच्या हातानं सिनेमाचा कॅमेरा कसा बनवला ते सांगायचात, मी कॅरियरवर बसून दरवेळी नव्यानं ऐकायचे. ते कुठंतरी आत राहिलंच ना बाबा.

गाव 14,000 फुटांवर आहे, रात्री उणे 20-25 होतं. दादा तुम्हाला गूगल करून दाखवणारच, म्हणून मीच सांगते. पण एकदम वर नाही चढायचं, सिमल्याकडून किन्नौरमार्गे मुक्काम करत करत जायचं, म्हणजे विरळ हवेची सवय होते. राहायला गावातल्याच एका घरी, जाड मातीच्या भिंती, खोलीत मधोमध लोखंडी शेगडी, सगळे तिच्याभोवतीच बसतात. डोंगरात बिबट्या हुडकायला गावातली माणसं बरोबर असतात, एकटी कुठंच जायचं नाहीये. थंडीत बॅटऱ्या पटकन उतरतात म्हणून दिवसभर जॅकेटच्या आत पोटाशी धरायच्या आणि रात्री स्लीपिंग बॅगमध्ये घेऊन झोपायचं. आई, पावसाळ्यात माझा शाळेचा ओला फ्रॉक तू रात्री अंगाखाली घेऊन वाळवायचीस, तसंच गं.

ऑपरेशनला दादा चार दिवस आधीच येतोय, मी कबूल करून घेतलंय. बाबा, नंतर वाकायचं नाही, बादली उचलायची नाही, डोळा चोळायचा नाही. ड्रॉप्सच्या वेळा कागदावर मोठ्या अक्षरात लिहून फ्रिजला लावून जाईन, अंदाजानं घालू नका. आई, बीपीची गोळी उपासालाही घ्यायची, आणि माळ्यावरचं काढायला स्टुलावर चढायचं नाही म्हणजे नाही. रागावत नाहीये गं. मी तिथं नसणार ना, म्हणून जरा जोरात बोलतेय.

नेटवर्क कधी असतं कधी नसतं, दोन दिवस फोन नाही आला तर लगेच देव पाण्यात घालून बसू नका. पट्टी निघाली की बाबा तुम्ही स्वतः व्हिडिओ कॉल करा, आईला फोन धरायला सांगू नका, ती कपाळच दाखवते फक्त. मला डोळा बघायचाय.

डिसेंबरात दहा दिवस येतेय. कांदा-लसूण चटणी जास्त करून ठेव, तिथल्या घरच्यांसाठीपण न्यायचीय.

तुमची,
छकुली