कराइंद्रूबाईंचं संगीत

अथेन्स

तीर्थरूप बाबांस,
शि. सा. न. वि. वि.

परवा फोनवर तुम्ही विचारलंत की इकडच्या सिनेमांत गाणी असतात का, आणि नसतील तर संगीतकार करतो तरी काय. लाइन खराब होती, म्हणून सविस्तर लिहितेय. आणि लिहिणार आहे ते इथल्या ग्रीक चित्रपट-संगीतकार एलेनी कराइंद्रू यांच्याबद्दल, कारण सध्या घरात दुसरं काही वाजतच नाही.

बाईंचा जन्म दुसऱ्या महायुद्धाच्या काळातला, मध्य ग्रीसच्या डोंगरातल्या तिखिओ नावाच्या खेड्यात. गावात वीज नव्हती. वारा, पाऊस आणि बायकांची गाणी, एवढंच कानावर पडायचं. मग कुटुंब अथेन्सला आलं. तिथे घराच्या खिडकीतून उघड्यावरचं सिनेमा थिएटर दिसायचं. पियानो आणि सिनेमा दोन्ही इथेच भेटले. पुढे इतिहास आणि पुरातत्त्वाचं शिक्षण झालं. 1967 साली लष्कराने सत्ता बळकावली. त्या राजवटीच्या काळात लहान मुलाला घेऊन बाई पॅरिसला गेल्या आणि 1974 मध्ये राजवट कोसळल्यावर परतल्या. पॅरिसमध्ये त्या लोकसंगीताचा अभ्यास करत होत्या. आपला देश सुटलेला असताना आपल्याच गावची गाणी शिकायची, हे मला फार लागतं.

1982 मध्ये थेस्सालोनिकीच्या चित्रपट महोत्सवात त्यांच्या संगीताला पारितोषिक मिळालं. परीक्षक मंडळाचे अध्यक्ष होते दिग्दर्शक थिओ अँजेलोपूलोस. तिथून दोघांची जोडी जमली ती आठ चित्रपटांपर्यंत. बाबा, तुमच्या प्रश्नाचं उत्तर इथे आहे. आपल्याकडे पार्श्वसंगीत बहुतेकदा चित्रपट कापून-जोडून झाल्यावर बसवतात. इथे पुष्कळदा उलटं व्हायचं. दिग्दर्शक गोष्ट तोंडी सांगायचे, बाई पियानोशी बसून सुरावट शोधायच्या, आणि चित्रीकरण नंतर. अँजेलोपूलोस यांचे शॉट कितीतरी मिनिटं न तुटता चालतात, संवाद थोडे. तिथे संगीत 'आता रडा' असं सांगत नाही. ते अगदी थोडं येतं, तीच ओळ पुन्हा येते, आणि मध्ये मोकळी जागा सोडते. तुम्ही आलापात जागा सोडायला शिकवायचात, ते मला इथे ऐकू येतं.

वाद्यंही तुमच्या आवडीची आहेत. ओबो हे सनईसारखंच दुहेरी पत्तीचं. 'युलिसिस गेझ'मध्ये किम काश्काशियान यांचा व्हायोला, म्हणजे व्हायोलिनचा थोडा मोठा भाऊ, आहे. हा चित्रपट एक माणूस हरवलेली जुनी रिळं शोधत युद्धातल्या बाल्कनमधून फिरतो त्याचा, 1995 चा. 'द वीपिंग मेडो' (2004) मात्र तुमच्यासाठी. 1919 मध्ये ओडेसाहून पळून आलेले निर्वासित ग्रीक, आणि त्यांच्यातला एक ॲकॉर्डियन वाजवणारा तरुण, जो पुढे अमेरिकेला जातो. भाता आणि पत्त्या, म्हणजे तुमच्या पेटीचंच कुटुंब. शिवाय तिथे कॉन्स्टँटिनोपलची लिरा आहे. मांडीवर उभी धरून गजाने वाजवतात, आणि ती रडते असंच वाटतं.

'इटर्निटी अँड अ डे' या चित्रपटाला 1998 मध्ये कान महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळालं. आजारी म्हातारा कवी आणि रस्त्यावरचा अल्बानियन निर्वासित मुलगा, अशी दोघांचीच गोष्ट. आईला हा चित्रपट आवडेल. जानेवारी 2012 मध्ये नव्या चित्रपटाचं चित्रीकरण चालू असताना रस्ता ओलांडताना मोटरसायकलच्या धडकेने अँजेलोपूलोस गेले. तो चित्रपट अपुराच राहिला.

बाईंनी नाटकांनाही खूप संगीत दिलंय. 2001 मध्ये एपिदाव्रोसच्या प्राचीन रंगमंचावर जुना ग्रीक नाटककार युरिपिदीस याचं 'ट्रोजन विमेन' झालं, त्याचं संगीत त्यांचंच. दिग्दर्शक त्यांचे पती अँटोनिस अँटिपास. युद्धानंतर गुलाम म्हणून वाटून घेतल्या जाणाऱ्या बायकांचा तो कोरस ऐकताना मला काम बाजूला ठेवावं लागतं.

दादूबरोबर पेन ड्राइव्ह पाठवतेय. आधी 'द वीपिंग मेडो'ची मुख्य धून ऐका, शक्यतो हेडफोन लावून. मग ती पेटीवर काढून मला रेकॉर्ड करून पाठवा. कोणत्या रागाच्या जवळ जाते तेही लिहा.

आईला नमस्कार, चिनूला आशीर्वाद.

तुमची,
मेघा