पपई वाचवणाऱ्या कीटकतज्ज्ञांस अनावृत आभारपत्र

आदरणीय सर,
सादर प्रणाम.

आमच्या परसबागेतील पपई आणि जास्वंदीवर कापसासारखे पांढरे थर चढले होते, शेंडे आकसले होते आणि खालच्या पानांवर चिकट्यामुळे, म्हणजे किडीने सोडलेल्या गोड चिकट द्रवामुळे, काळी बुरशी धरली होती. त्या वेळी आपण स्वतः येऊन झाडे पाहिलीत आणि औषधाचे नाव सांगण्याआधी हातात भिंग दिलेत, याबद्दल आपले जाहीर आभार मानण्यासाठी हे पत्र लिहीत आहे.

ही कीड पपईवरील मिलीबग, अर्थात पिठ्या ढेकूण, आहे हे आपण एक मादी चिरडून, तिच्यातून निघालेला पिवळा द्रव दाखवून सांगितलेत. स्पिरिटात ठेवलेले नमुने पुढे निळसर काळे पडले, तेव्हा उरलीसुरली शंकाही फिटली. ही कीड मूळची मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतील. भारतात ती 2008 मध्ये कोइम्बतूर येथे प्रथम आढळली आणि तिचे नैसर्गिक शत्रू मात्र मायदेशीच राहिल्यामुळे येथे तिचे चांगलेच फावले, हा आपला खुलासा मला सर्वांत मोलाचा वाटला.

जास्वंदीच्या एका फांदीवर मिलीबगपेक्षा बरीच मोठी, अंगावर मेणाचे लांब पांढरे धागे असलेली एक अळी भराभर चालत होती. ‘ही आपली आहे, हिला हात लावू नका,’ असे आपण म्हणालात. ती क्रिप्टोलेमस भुंगेऱ्याची अळी होती. भक्ष्यासारखाच वेष घेतल्याने मुंग्याही फसतात, मग माणसाचे काय! भिंगाखाली ती मिलीबगच्या अंडीपुंजात तोंड खुपसून पिवळी अंडी फस्त करताना दिसली. हा भुंगेरा मूळचा ऑस्ट्रेलियाचा असून 1898 पासून भारतात आहे.

खरे श्रेय मात्र आपण ॲसेरोफॅगस पपयी या, एक मिलिमीटरही न भरणाऱ्या परोपजीवी कीटकाला दिलेत. बंगळुरूच्या राष्ट्रीय कृषी कीटक संसाधन ब्यूरोने (तेव्हा संस्थेचे नाव वेगळे होते) 2010 मध्ये प्युर्टो रिकोहून परोपजीवी कीटकांच्या ज्या तीन जाती आणवल्या, त्यांपैकी ही एक. हिची मादी मिलीबगच्या पिल्लाच्या शरीरात अंडे घालते, आतली अळी त्याला पोखरून खाते आणि मागे फुगीर, तपकिरी, गोल छिद्र पडलेले टरफल उरते. अशी टरफले आपण पानाच्या मागे दाखवलीत, म्हणूनच फवारणी थांबवण्याचा आपला आग्रह मला पटला. कारण मिलीबगला मेणाचे कवच काही प्रमाणात वाचवते, पण या उघड्या जिवांना तीव्र कीटकनाशकापासून तसे संरक्षण नसते. कृषी केंद्रात गेलो असतो तर बाटलीच हाती पडली असती, असे मला आजही वाटते.

मुंग्यांविषयीची आपली सूचनाही तितकीच उपयोगी ठरली. चिकट्याच्या लोभाने त्या मित्रकीटकांना हुसकावतात, म्हणून खोडाभोवती कापडाची पट्टी गुंडाळून तिच्यावर ग्रीस लावले, फार माखलेली पाने काढून टाकली आणि कुंपणालगतचे गाजरगवतही उपटले, कारण ही कीड त्याच्यावरही तग धरते. पपईला आता स्वच्छ शेंडा फुटला आहे. जास्वंदीच्या काही फांद्यांवर मिलीबग अजून आहे. मित्रकीटकांना खाद्य हवे म्हणून आपण सांगितल्याप्रमाणे तो तसाच ठेवला आहे. परोपजीवी कीटक अजून बाहेर न पडलेली, म्हणजे छिद्र नसलेली, तपकिरी टरफले ज्या पानांवर होती, ती शेजाऱ्यांच्या पपईला बांधून दिली असून त्यांनीही तूर्त फवारणी थांबवली आहे.

आपला कृतज्ञ,
एक परसबागप्रेमी