गर्दीला काठीआधी माहिती द्या : सोलापूरच्या पालकमंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. पालकमंत्री,
सोलापूर जिल्हा

महोदय,

सप्रेम नमस्कार.

जानेवारीतील श्री सिद्धेश्वर यात्रेच्या नियोजनाचे वृत्तांत दरवर्षी वर्तमानपत्रांत वाचायला मिळतात. त्यांत पोलीस बंदोबस्त, बॅरिकेड, वाहनतळ आणि होम मैदानावरील पाळण्यांची चर्चा असते. पण गर्दीत उभा असलेला माणूस काय पाहतो, काय ऐकतो आणि कशाच्या भरवशावर पुढचे पाऊल टाकतो, हा प्रश्न त्यांत आढळत नाही. मी या शहरातील एका महाविद्यालयात मानसशास्त्र शिकवते आणि लहानपणापासून या यात्रेला जाते. या दोन्ही नात्यांनी तो प्रश्न आपल्यापुढे मांडत आहे.

गर्दीला डोके नसते, असे आपण सगळेच सहज बोलून जातो. या समजुतीला विद्वत्तेचे वजन मिळवून दिले ते 1895 मध्ये फ्रान्सच्या गुस्ताव्ह ल बाँ यांनी. माणूस समूहात शिरला की त्याची विवेकबुद्धी मालवते आणि भावना साथीसारख्या पसरतात, असे त्यांचे प्रतिपादन होते. पुढे प्रत्यक्ष संकटातून वाचलेल्यांशी अभ्यासक बोलू लागले, तेव्हा निराळेच चित्र समोर आले. 7 जुलै 2005 रोजी लंडनच्या भुयारी रेल्वेत बॉम्बस्फोट झाले. त्यांतून वाचलेल्यांच्या हकिकती ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ जॉन ड्रुरी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गोळा केल्या. अंधारात, धुरात अडकलेल्या अनोळखी माणसांनी एकमेकांना धीर दिला, पाणी दिले, जखमींना आधार दिला; दुसऱ्याला तुडवून पळाल्याच्या हकिकती त्यांत अगदी थोड्या होत्या. संकटाने त्या परक्या लोकांना काही वेळापुरते एकमेकांचे केले होते.

मग गर्दीत माणसे मरतात कशाने? एका चौरस मीटरमध्ये तीन-चार माणसे असतील तर सावकाश का होईना, चालता येते. तेवढ्याच जागेत सहा-सात माणसे आली की पाऊल कुठे पडावे हे कोणाच्याच हातात राहत नाही. एका टोकाचा धक्का लाटेसारखा दुसऱ्या टोकापर्यंत जातो, छाती फुगायला जागा उरत नाही आणि माणूस उभ्या उभ्या गुदमरतो. 25 जानेवारी 2005 रोजी वाईजवळच्या मांढरदेवीला तीनशेच्या आसपास भाविकांचे प्राण गेले, त्या दिवशी वाट अरुंद होती आणि नारळाच्या पाण्याने पायऱ्या निसरड्या झाल्या होत्या. 29 सप्टेंबर 2017 रोजी मुंबईतील तेव्हाच्या एल्फिन्स्टन रोड स्थानकाच्या पुलावर 23 जण दगावले, तेव्हा पावसामुळे लोक अरुंद जिन्यावरच थांबून राहिले होते आणि मागून प्रत्येक गाडीसरशी नवे प्रवासी येत होते. या मृतांपैकी कोणाचेही डोके ठिकाणावर नव्हते असे म्हणण्याला काही आधार नाही. जागा कमी होती आणि पुढे काय चालले आहे हे मागच्यांना सांगणारे कोणी नव्हते.

हे मागच्यांचे न कळणे मी होम मैदानावर जवळून पाहिले आहे. काही वर्षांपूर्वी शोभेचे दारूकाम संपले आणि सगळे मैदान एकदम घराकडे निघाले. बाहेर पडण्याच्या एका वाटेवर अर्ध्या भागात बॅरिकेड आडवे लावलेले होते. पुढच्यांची पावले थबकली. मागच्यांना मात्र फक्त पाठी दिसत होत्या, त्यामुळे ते आपल्या चालीने पुढे येतच राहिले. माझ्या पुढ्यात एका बाईने कडेवरचे मूल डोक्याच्या वर धरले होते, कारण खाली त्याला श्वास घेता येत नव्हता. तेवढ्यात खेळण्यांच्या गाड्यावर एक पोरगा चढला आणि दोन्ही हात वर करून ओरडला, "मागं थांबा वो, पुढं लेकरं अडकल्यात!" हेच तो पुन्हा पुन्हा, मराठीत आणि मग कन्नडमध्ये सांगत राहिला. मागची माणसे थांबली. एवढेच नव्हे, त्यांनी आपल्या मागच्यांना थांबवले, आणि थोड्याच वेळात पुढच्यांना मागे सरकायला जागा झाली. त्याच्या हातात काठी नव्हती की अंगावर गणवेश नव्हता. जे मागून दिसत नव्हते, ते त्याने सांगितले, इतकेच. ते त्याला का सांगावे लागले, यावर प्रशासनाने विचार करावा अशी माझी कळकळीची विनंती आहे.

महोदय, गर्दी शिस्तीने कशी वागते हे शिकायला आपल्याला लंडनपर्यंत जाण्याची गरज नाही. आषाढी वारीत माउलींची पालखी नातेपुते, माळशिरस, वेळापूर अशा मुक्कामांनी आपल्याच जिल्ह्यातून पंढरपूरला जाते. प्रत्येक दिंडीचा रथापुढचा किंवा रथामागचा क्रमांक ठरलेला असतो, त्यामुळे लाखोंच्या मेळ्यातही वारकऱ्याला आपल्या पुढे कोण आणि मागे कोण हे ठाऊक असते. मुक्कामाच्या तळावर समाजआरतीच्या वेळी चोपदार दंड उंचावतात आणि टाळ-मृदंगाचा तो सगळा गजर थांबतो. ज्या दिंडीची काही तक्रार असेल ती मात्र टाळ वाजवत राहते. चोपदार तिच्यापाशी जातात, गाऱ्हाणे ऐकून घेतात, आणि मग आरती होते. मला ही रीत फार मोलाची वाटते, कारण आपले ऐकून घेतले जाईल याची खात्री असल्यामुळेच तो समाज एका दंडाच्या इशाऱ्यावर शांत होऊ शकतो. यात्रेत नंदीध्वजांची, म्हणजे उंच मानाच्या काठ्यांची, मिरवणूक पाहणाऱ्या आणि सिद्धेश्वरांच्या प्रतीकात्मक विवाहात संमती कट्ट्याजवळ एकाच क्षणी अक्षता टाकणाऱ्या सोलापूरकरांत हीच क्षमता आहे.

खात्रीची माहिती वेळेवर मिळाली नाही की तिची जागा अफवा घेते, आणि त्याची किंमत या जिल्ह्याने मोजली आहे. 2018 च्या मे-जूनमध्ये मुले पळवणारी टोळी आल्याच्या अफवा मोबाइलवरून गावोगाव फिरत होत्या. 1 जुलै रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे भिक्षेकरी नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना जमावाने ठार मारले. त्यांतील बहुतेक मंगळवेढा तालुक्यातले होते. मारणाऱ्यांचा दोष यामुळे तसूभरही कमी होत नाही, आणि त्यांना शिक्षा व्हायलाच हवी. पण शिक्षा नंतरची. अफवा गावात पोचल्याच्या दिवशीच तलाठी, पोलीस पाटील, शिक्षक यांच्यासारख्या ओळखीच्या माणसाने ती खोटी असल्याचे चावडीवर सांगण्याची व्यवस्था आपल्या जिल्ह्यात कायमची असली पाहिजे.

यात्रेपुरते बोलायचे तर गर्दी जिथे दाटते तिथे ती अडवण्यात उशीर झालेला असतो. तिला बऱ्याच अलीकडे, चौकाचौकांत, लोकांना अजून परत फिरता येत असतानाच थांबवावे लागते. त्यासाठी कॅमेऱ्यांवर बसणाऱ्याला माणसे मोजण्याचे काम आणि वाट बंद करण्याचा अधिकार, दोन्ही द्यावे. ध्वनिक्षेपक आज सूचना देण्यासाठी आणि हरवलेल्या मुलांची नावे सांगण्यासाठी वापरले जातात. त्यांतील काही गर्दीच्या शेपटाकडे लावून पुढे काय चालले आहे, किती वेळ लागेल आणि दुसरी वाट कोणती, हे मराठी, कन्नड, तेलुगू आणि हिंदीत सांगत राहावे, कारण आपली यात्रा या चारही भाषांत भरते. येण्याची आणि जाण्याची वाट वेगळी असावी, आणि मान्यवरांच्या गाड्यांसाठी ऐन गर्दीत ती अडवू नये. हे शेवटचे आपल्याच शब्दाने होण्यासारखे आहे.

स्वयंसेवकांच्या प्रशिक्षणाबद्दलही एक सांगायचे आहे. 1968 मध्ये बिब लॅटने आणि जॉन डार्ली या अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी एका खोलीत हळूहळू धूर सोडून पाहिला. खोलीत एकटे बसलेल्यांपैकी 75 टक्के लोकांनी बाहेर जाऊन तो कळवला. पण शेजारी दोघे जण काहीच घडत नसल्यासारखे बसून राहिले, तेव्हा फक्त 10 टक्के लोक उठले. गर्दीत प्रत्येक जण दुसऱ्याच्या चेहऱ्यावरून धोका जोखतो. म्हणून "कोणीतरी मदत करा" अशा हाकेचा फारसा उपयोग होत नाही. "निळ्या शर्टवाले दादा, तुम्ही हे बॅरिकेड उचला" असे एकाला नेमून सांगितले की तो हलतो आणि त्याच्यामागे इतरही हात लावतात. शहरातील गणेशोत्सव मंडळांच्या कार्यकर्त्यांना हे एका दुपारी शिकवता येईल. आमच्या विभागातील विद्यार्थी आणि मी ते विनामूल्य शिकवायला तयार आहोत.

येत्या यात्रेच्या पहिल्या नियोजन बैठकीत या विषयासाठी अर्धा तास राखून ठेवावा, आणि त्या बैठकीला मानकरी, मंडळांचे कार्यकर्ते व मैदानावर गाडे लावणारे विक्रेते यांनाही बोलवावे, ही विनंती. कोणती वाट किती वाजता तुंबते हे त्या विक्रेत्यांइतके नेमके दुसरे कोणी सांगू शकणार नाही.

आपली विश्वासू,
सोलापूरची एक प्राध्यापिका