डायोनिसस उपरा नव्हे

संपादक महोदय,

रविवारच्या पुरवणीत ग्रीकांचा मद्यदेव डायोनिसस याला ‘थ्रेसमधून (ग्रीसच्या उत्तरेकडच्या मुलखातून) आलेला उपरा देव’ म्हटले आहे. हे मत आता जुने झाले. प्राचीन ग्रीक नाटककार युरिपिडीसच्या ‘बॅकाय’ नाटकात तो आशिया मायनरमधल्या लिडियाहून थीब्ज या ग्रीक नगरात येतो खरा. पण तिथल्या राजकन्या सेमेलीच्या पोटी तो थीब्जमध्येच जन्मला, हेही तेच नाटक सांगते. म्हणजे घरचाच पोर परत आला! शिवाय १९५२ मध्ये मायकेल व्हेंट्रिस या इंग्रज वास्तुविशारदाने लिनियर बी ही ग्रीकांची प्राचीन लिपी उलगडली आणि ग्रीसमधल्या पायलॉसच्या मातीच्या पाट्यांवर ‘दि-वो-नु-सो’ म्हणजे डायोनिसस हे नाव निघाले. क्रीटमधल्या खानियाच्या पाटीवर तर त्याचा बाप झ्यूस याच्या ठाण्यात डायोनिससला मधाचे दोन कुंभ दिल्याची नोंद आहे. बापाला मात्र एकच! इसवी सनापूर्वी तेराव्या शतकातल्या कुणा कारकुनाचा हा रोकडा हिशेब; म्हणजे ग्रीकांत तो तेव्हाही पुजला जात होता. थ्रेसचे काही संस्कार पुढे त्याच्या पूजेत मिसळले असतील, तो वाद निराळा.

– एक वाचक, सांगली