कॅम्पस टूर विद्यार्थ्यांनाच घेऊ द्या

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

गेल्या आठवड्यात तुमच्या पेपरात एका वाचकांचं पत्र आलं होतं, की विद्यापीठात पाहुण्यांना कॅम्पस दाखवायचं काम हल्ली पोरासोरांवर टाकतात, हे बरं नाही, माहितगार अधिकारी नेमावा, मुलं काहीतरी चुकीचं बोलून जातात आणि संस्थेचं नाव खराब होतं वगैरे. मी नेमका त्याच्या आदल्याच दिवशी नातीबरोबर एका सायन्सच्या विद्यापीठाची टूर करून आलो होतो आणि ती दोन विद्यार्थ्यांनीच घेतली होती, त्यामुळे पत्र वाचून राहवलं नाही.

आधी एक सांगतो, अधिकाऱ्यांची टूरसुद्धा मी केलेली आहे. दोन महिन्यांपूर्वी दुसऱ्या एका ठिकाणी, नाव घेत नाही. पाऊण तास एसी हॉलमध्ये स्लाइड दाखवल्या, कॅम्पस किती एकर, इमारती किती, रँकिंग काय. मग बाहेर काढलं आणि इमारतींच्या समोर उभं करून नावं वाचून दाखवली जी बोर्डावर लिहिलेलीच होती. सोबत एक विद्यार्थी होता, टायबिय लावून, पण साहेब मागेच चालत होते. माझ्या नातीने त्याला विचारलं की पहिल्या वर्षी एखादा विषय राहिला तर पुढे काय होतं, तर त्या मुलाने आधी साहेबांकडे बघितलं आणि मग म्हणाला, "आमच्याकडे उत्तम सपोर्ट सिस्टिम आहे." झालं. लॅब म्हणाल तर काचेतून दिसली, आत कोणी नव्हतं आणि टेबलं इतकी स्वच्छ की तिथे कधी कोणी काम केलं असेल असं वाटेना.

आता ही दुसरी टूर. आम्ही अठराएक जण, त्यातले निम्मे आईबाप. पुढे तिसऱ्या वर्षाची फिजिक्सची एक मुलगी, मागे पीएचडी करणारा एक मुलगा, कोणी मागे राहू नये म्हणून. ती मुलगी पूर्ण वेळ उलटी चालत होती, म्हणजे तोंड आमच्याकडे आणि पाठ रस्त्याकडे, आणि एकदाही कशाला धडकली नाही, पायरी आली की न बघता "पायरी" म्हणायची. सुरुवातीलाच तिने सांगून टाकलं, मी जे सांगणार ते माझ्या डिपार्टमेंटमधून दिसतं ते, केमिस्ट्रीवाला वेगळं सांगेल, त्यालाही विचारा. मला तिथेच पटली ती.

फिजिक्सच्या इमारतीच्या जिन्यात वरपासून खालपर्यंत एक फूकोचा लंबक टांगलेला आहे. फूको नावाच्या माणसाने १८५१ साली पॅरिसमध्ये ६७ मीटरच्या तारेला २८ किलोचा गोळा लावून दाखवलं होतं की गोळा झुलतो त्याची दिशा हळूहळू वळत जाते, कारण खालची पृथ्वीच फिरतेय. मुलीने सांगितलं की हा लंबक २४ तासांत पूर्ण गोल फिरून येतो. तर आमची नात, जी घरी विचारलं तरी धड उत्तर देत नाही, ती मागून म्हणाली, ताई, ते फक्त ध्रुवावर ना? मी मनात म्हटलं झालं आता, मुलीची पंचाईत. ती दोन सेकंद थांबली, "अरे हो, अक्षांशाचा साइन येतो" असं म्हणून तिथेच भिंतीला टेकून मोबाइलवर हिशोब केला. तीस अक्षांशावर ४८ तास, पॅरिसला साधारण ३२, विषुववृत्तावर तर लंबक वळतच नाही. मग म्हणाली, गेल्या सात टूरमध्ये मी २४ सांगत आलेय, बापरे. सगळे हसले, तीही हसली, आणि माझ्या नातीच्या चेहऱ्यावर जे दिसलं ते मला कुठल्याही माहितीपत्रकातून मिळालं नसतं. त्या पत्रलेखकांना चुकीच्या माहितीची भीती वाटते ना, ही घ्या चुकीची माहिती, आणि चूक निघाल्यावर काय झालं तेही बघा. अधिकाऱ्याला कोणी असं टोकलं असतं का आणि टोकलं असतं तर त्याने ऐकलं असतं का.

पुढे केमिस्ट्रीत जायला लिफ्टपाशी थांबलो. दार उघडलं तर आत माणूस एकही नाही, नुसती एक कमरेएवढी स्टीलची टाकी, चाकांवर ठेवलेली, तोंडातून थोडी वाफ, आणि तिच्या पुढे साखळीला अडकवलेला बोर्ड, "टाकी आत असताना लिफ्टमध्ये शिरू नका." आमच्यातले एक गृहस्थ सवयीने शिरायलाच निघाले होते, मागच्या मुलाने दंड धरून मागे ओढलं. दार मिटलं, टाकी एकटीच वर गेली. मग त्याने सांगितलं की ती लिक्विड नायट्रोजन, उणे १९६ डिग्री, एक लिटरची वाफ झाली की जवळजवळ ७०० लिटर गॅस होतो. नायट्रोजन विषारी नाही, हवेत बहुतेक तोच आहे, पण लिफ्ट मध्येच अडकली तर तेवढ्याशा जागेतला ऑक्सिजन बाजूला ढकलला जातो आणि माणसाला गुदमरतंय हे कळतसुद्धा नाही, सरळ खाली पडतो. म्हणून खालचा माणूस टाकी आत ढकलून बटण दाबतो आणि वरचा माणूस तिची वाट बघतो. मी आयुष्यभर बँकेत नोकरी केली, सायन्स दहावीनंतर सुटलं, पण ती एकटी जाणारी टाकी मी विसरणार नाही.

मग एनएमआर नावाच्या, मोठ्या चुंबकाच्या मशीनची खोली आली आणि माझी टूर तिथे थांबली. दारातच मुलीने विचारलं, कोणाला पेसमेकर आहे का. मला आहे, सहा वर्षं झाली. ती म्हणाली, "काका, सॉरी, तुम्ही त्या पट्टीच्या अलीकडेच थांबा." जमिनीवर पिवळी-काळी पट्टी मारलेली होती, तिच्या आत चुंबकाचा जोर ५ गाऊसच्या वर जातो. पृथ्वीचा स्वतःचा असतो अर्धा गाऊस, पण पेसमेकरवाल्याने त्या पट्टीच्या आत जायचं नाही असा तिथला नियम आहे. बाकीचे किल्ल्या, घड्याळं, एटीएम कार्डं बाहेर ठेवून आत गेले, मी राहिलो, आणि मला एकट्याला ठेवायचं नाही म्हणून तो पीएचडीवाला मुलगाही राहिला. खरी टूर मला त्या पंधरा मिनिटांत मिळाली.

मी विचारलं, आत आहे काय. म्हणाला, हॉस्पिटलात एमआरआय करतात तेच तत्त्व, फक्त माणसाऐवजी पेन्सिलएवढ्या काचेच्या नळीत आम्ही बनवलेला पदार्थ घालतो, मग कुठला अणू कुठल्याच्या शेजारी बसलाय ते कळतं. मशीनवर ६०० लिहिलेलं दिसत होतं, त्याचा अर्थ साधारण १४ टेस्ला, पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या पावणेतीन लाख पट. मी म्हटलं मग लाइट गेली की? तर म्हणे चुंबक चालूच राहतो काका, वेटोळ्यात एकदा करंट सोडला की तो वर्षानुवर्षं फिरत राहतो, फक्त वेटोळं थंड पाहिजे, उणे २६९ डिग्री, त्यासाठी लिक्विड हेलियम. आणि मग तो हेलियमवर सुरू झाला, थांबेचना. १८६८ च्या सूर्यग्रहणात सूर्याच्या प्रकाशात एक अनोळखी पिवळी रेघ दिसली तिथून त्याचा पत्ता लागला, पृथ्वीवर सापडायला १८९५ उजाडलं, १९०८ मध्ये नेदरलँड्समधल्या लायडनला कामरलिंग ओनेस या शास्त्रज्ञाने त्याचा द्रव केला आणि तीनच वर्षांनी त्याच लॅबमध्ये तशाच थंडीत पाऱ्याचा विजेला होणारा विरोध अचानक शून्य झालेला दिसला. हेलियम नैसर्गिक वायूबरोबर जमिनीतून येतो आणि एकदा हवेत सुटला की हळूहळू पृथ्वी सोडून जातो, म्हणून आता बऱ्याच लॅब तो गोळा करून परत वापरतात. हे सगळं तो मला सांगत होता, एका रिटायर्ड कॅशियरला, ज्याच्या अ‍ॅडमिशनचा काही प्रश्नच नाही.

मी म्हटलं, तुझं कसं चाललंय. थोडा गप्प झाला, मग म्हणाला, पहिले सहा महिने माझी रिअ‍ॅक्शन चाललीच नाही. रोज करायची, रोज या मशीनवर आणून बघायची, रोज चिखल. गाइडला वाटलं माझा हात कच्चा, मला वाटलं माझं डोकं कच्चं. शेवटी कळलं सॉल्व्हंटमध्ये, म्हणजे ज्यात रसायनं विरघळवतात त्या द्रवात, पाणी होतं, बाटलीच ओलावा धरून बसलेली. मी विचारलं सोडून द्यावंसं नाही वाटलं? म्हणाला, दोनदा वाटलं, एकदा तर घरी फोनसुद्धा केला होता. आता सांगा, कुठल्या अधिकाऱ्याने हे सांगितलं असतं. आणि माझ्या ज्या नातीला पुढची पाचसहा वर्षं तिथे काढायची आहेत तिला कळायला पाहिजे ते हेच ना, एकर कळून काय करायचंय.

बाकीचं पटकन सांगतो. चिप बनवायची क्लीनरूम काचेतून बघितली, आत सगळा पिवळा उजेड, कारण तिथला मसाला निळ्या प्रकाशाने खराब होतो, जुन्या फोटो स्टुडिओतली लाल डार्करूम आठवली. केमिस्ट्रीच्या लॅबमध्ये फ्यूम हूड म्हणून कपाटं असतात, वरखाली सरकणारी काच, आतली विषारी हवा ओढून बाहेर टाकतात, त्या काचेच्या खालच्या कडेला कोणीतरी टिशू पेपरची पट्टी चिकटवली होती आणि ती आतल्या बाजूला फडफडत होती. पट्टी लोंबकळली की हवा ओढली जात नाही समजायचं आणि हात बाहेर काढायचा. आणि काचेवर मार्करने खरडलेल्या रिअ‍ॅक्शन, तारखा, एका कोपऱ्यात "याला हात लावू नका, खरंच" असं. आदल्या टूरमधली ती चकचकीत टेबलं आठवून मला हसू आलं.

सगळं छान होतं असं नाही. चालणं फार, जिने फार, माझ्या वयाच्या माणसाला मध्ये बसायला कुठे जागा नाही, दोन तासांत सहा डिपार्टमेंट ही घाई आहे, चार करा. आणि सगळ्यात वैताग आम्हा पालकांचा. मुलं गप्प आणि आम्हीच विचारतोय, हॉस्टेलचं दार किती वाजता बंद, प्लेसमेंट किती. एका बाईंनी प्लेसमेंट चार वेळा विचारलं, चारही वेळा मुलीने न चिडता सांगितलं की आकडा मला नक्की माहीत नाही, ऑफिसकडून घ्या. पालकांचा आणि मुलांचा गट वेगळा करा असं मी फॉर्मवर लिहून आलोय. त्या दोघांना या कामाचे पैसे मिळत नाहीत असं बोलण्यातून कळलं, तेही लिहिलंय, कारण शनिवारची सकाळ त्यांचीही असते. आणि मागे साहेब फिरवू नका हे मोठ्या अक्षरात.

तुमच्या पेपरालाही एक विनंती. अ‍ॅडमिशनच्या पुरवणीत दरवर्षी कटऑफ आणि पॅकेज याच्यापलीकडे काही नसतं. एखाद्या बातमीदाराला अशा टूरवर पाठवा, नुसतं सोबत चालू द्या, प्रश्न त्याने नाही, मुलांनी विचारायचे. फक्त त्याला बूट घालून जायला सांगा, चप्पल असली तर केमिस्ट्रीच्या दारातूनच परत पाठवतात, माझ्यासमोर दोघांना पाठवलं, त्यातले एक तेच लिफ्टवाले गृहस्थ होते.

आपला,
पट्टीच्या अलीकडे थांबलेला एक वाचक